बघ्यांचा पडदा

१

पेटी रिकामी आहे हे आधी हाताला कळलं, डोळ्यांना नंतर.

अकरा वर्षं घासून घासून भिंगवाल्या काकांनी ते भिंग इतकं नितळ केलं होतं, की पेटीत ठेवलं तरी पेटी भरलेली दिसायची नाही. रोज सकाळी काका मखमलीवर हात टेकवायचे, गार लागलं की समाधानाने चहाला बसायचे. त्या सकाळी गार लागलं नाही. मग त्यांनी जी बोंब ठोकली, ती तीन गल्ल्या ओलांडून पडदेवालीच्या शिलाई मशीनपर्यंत पोचली आणि तिची टीप वाकडी गेली.

वीस वर्षांत तिची टीप वाकडी गेली नव्हती. पण काकांच्या भिंगांच्या कारखान्यात त्यांच्याखेरीज एकच माणूस काम करायचं, आणि ते माणूस म्हणजे तिची धाकटी बहीण.

आता या गावाचा उजेड समजावून घेतल्याशिवाय पुढे जाण्यात अर्थ नाही. गावासमोर दरी आहे आणि दरीपलीकडे एक काळा, चकचकीत कडा. दुपारी चार ते पाच त्या कड्यावर ऊन पडतं. एखाद्या शहाण्या दगडाने ते लगेच परत धाडलं असतं. हा दगड ते गिळून बसतो आणि दुसऱ्या दिवशी बरोबर चारच्या ठोक्याला बाहेर काढतो. म्हणजे चार ते पाच गावात येतो तो कालचा उजेड, जुन्या वर्तमानपत्रासारखा पिवळट. त्याला सगळे शिळा उजेड म्हणतात. आजची सावली आज तुमच्या पायाशी पडेल, पण चुन्याच्या भिंतीवर तुम्ही दिसाल ते काल याच वेळी जे करत होता ते करताना. का आणि कसं, ते विचारायचं नाही. मोठमोठे विद्वान फुटपट्ट्या घेऊन आले होते, ते डोकं धरून परत गेले.

एक बरं होतं. ही शिळी सावली कापडावर उमटत नाही. त्यामुळे चार ते पाच कुणी काही खासगी केलंच, तर दुसऱ्या दिवशी त्याने भिंतीवर पडदा ओढायचा, अशी रीत. पडदेवालीला गावात मान होता तो उगाच नव्हे. कुणाच्या घरी केवढा पडदा लागतो यावरून तिला सगळ्यांची कुंडली पाठ होती, आणि तोंड मात्र कायमचं शिवलेलं.

२

"वहिनी, हे प्रकरण सोपं आहे," जमादार म्हणाला. तो पडदेवालीच्या नवऱ्याचा धाकटा भाऊ, पोटाने मोठा. "काल सकाळी भिंग पेटीत होतं, आज सकाळी नाही. आज चारला कारखान्याची भिंत बघायची. चोर काल त्या तासात आला असेल, तर दिसेल."

"आणि त्या तासात आला नसेल तर?"

"तर दिसणार नाही," जमादार म्हणाला, आणि आपण काय बोललो याचा विचार करत उभा राहिला.

"अहो भावजी, चार ते पाच इथे कुणी शिंकतसुद्धा नाही जपून घेतल्याशिवाय. त्या वेळी चोरी करायला चोर परगावचा तरी हवा, नाहीतर मूर्ख."

तरी चारला सगळा गाव कारखान्यात जमला. भिंग गावाचं होतं. ते मनोऱ्यावर बसवायचं होतं. आजवर भिंतीवर नुसत्या सावल्या दिसायच्या. भिंग बसलं की चेहरे दिसणार होते, ओठ हलताना दिसणार होते. लोक अकरा वर्षं जिभल्या चाटत त्या दिवसाची वाट बघत होते.

चार वाजले. पिवळा उजेड आला. भिंत बराच वेळ कोरी राहिली. लोक जांभया द्यायला लागले, आणि साडेचारच्या सुमाराला एक सावली आत आली. वर घट्ट बांधलेला अंबाडा, जरा उतरता डावा खांदा. तिने बाकावरून एक मोठी गोल वस्तू दोन्ही हातांनी उचलली, पोटाशी धरली आणि ती दाराकडे चालत गेली.

"भिंग!" कुणीतरी ओरडलं. मग सगळेच ओरडले.

"भिंग कसलं? तवा आहे तो!" धाकटी गर्दीतून उभी राहिली. "घासायचा तवा! मी धुवायला नेत होते!"

तवा म्हणजे लोखंडाची जाड चकती. तिच्यावर ओली वाळू टाकून काच घासतात. आकार अगदी भिंगाएवढा, कारण भिंग त्याच्यावरच घडतं. सगळ्यांच्या माना काकांकडे वळल्या. ते दारापाशी उभे होते. पुष्कळ वेळ ते काही बोललेच नाहीत. मग खाली बघत म्हणाले, "तवा काल दिवसभर मागच्या खोलीत माझ्यापाशी होता."

जमादाराने घसा साफ केला. कायदा जुना आणि आखूड होता. गावाची वस्तू चोरणाऱ्याने दुसऱ्या दिवशी पाचला, शिळा उजेड मावळला की, खिंडीपलीकडे चालू लागायचं. परत यायचं नाही.

३

गावात तुरुंग नव्हता. धाकटीला कारखान्याच्याच मागच्या खोलीत, काचेच्या ठोकळ्यांच्या मध्ये बसवलं होतं. सकाळी पडदेवाली डबा घेऊन गेली.

"ताई, तुलासुद्धा वाटतं ना, मी चोरलं म्हणून?"

ताईने आधी डबा खाली ठेवला, मग पदर सारखा केला. "छे! काहीतरीच काय."

"मग एवढं म्हणायला इतका वेळ का लागला?"

ताईने डब्याचं झाकण लावलं, पुन्हा उघडलं. तिच्या डोक्यात नुसता गुंता झाला होता. बहीण खोटं बोलत नाही. भिंत कधी खोटी पडलेली नाही. काका तर इतके सरळ की त्यांच्या घरी एकही पडदा नाही. तिघंही खरे, आणि तिघांचं मिळून काहीच जुळत नव्हतं.

"तू रोज नेतेस तवा?"

"रोज. साडेचारला, मागच्या हौदावर. वाळूचा चिखल वाळला की खरवडता खरवडता जीव जातो. काकांना माहीत आहे हे. अकरा वर्षं माहीत आहे."

"मग ते असं का म्हणाले?"

"त्यांनाच विचार. काल संध्याकाळी इथे पाण्याचा तांब्या ठेवला, तोही पाठमोऱ्याने. माझ्याकडे बघायला तयार नाहीत." धाकटीने डबा बाजूला सारला. "भूक नाहीये. तू जा, तुझी कामं पडली असतील."

तिथून पडदेवाली थेट मनोऱ्यावर गेली. मनोऱ्याचा रखवालदार भिंगाचा जाहीर शत्रू होता. भिंग आणलंत तर फोडून टाकीन, असं तो भर चौकात बोलला होता.

"बोललो होतो," तो म्हणाला. "फोडीन म्हणालो होतो. चोरीन म्हणालो नव्हतो. दोन्हींत फरक आहे, बाई."

"परवा चार ते पाच कुठे होता?"

"घरी झोपलो होतो. काल माझ्या पोटाची सावली भिंतीवर तासभर वरखाली होत होती. बायकोने कारखान्यात यायचं सोडून शेजारणींना बोलावून दाखवली."

"भिंगाचा एवढा राग का पण?"

"तुम्ही पडदे विकता आणि मला विचारता?" रखवालदार हसला. "सावली बरी, बाई. सावलीला म्हणता येतं, ती मी नव्हेच. चेहरा दिसायला लागल्यावर या गावात दोन माणसं तरी एकमेकांशी बोलतील का?"

हे तिला पटलं. म्हणूनच तिचा गोंधळ आणखी वाढला. ज्याच्याकडे चोरीचं कारण होतं, तो पोट वरखाली करत झोपलेला, आणि जिच्याकडे काही कारण नव्हतं, ती भिंतीवर.

४

दुकानात येऊन ती मशीनशी बसली. टीप घालवेना. डोळे पुसायला तिने चष्मा काढला आणि खिडकीत, उन्हात ठेवला. पुसून झाल्यावर तो उचलायला हात पुढे केला, आणि हात तसाच राहिला.

लाकडावर चष्म्याची सावली पडली होती. काड्या काळ्या, काचांच्या कडा काळ्या. पण काचांच्या मधोमध दोन ठिपके, उन्हापेक्षाही पांढरे. तिने चष्म्याशेजारी कात्री ठेवली. कात्रीची सावली नुसती काळी.

काल भिंतीवर बहिणीच्या हातातली चकती कशी होती? मध्ये पांढरी की सगळी काळी?

तिला आठवेना. ती चकतीकडे बघतच नव्हती, बहिणीच्या अंबाड्याकडे बघत होती.

मग ती गावभर फिरली. हे तिने करायला नको होतं.

"पांढरीशुभ्र!" मास्तरीणबाई म्हणाल्या. "मी पहिल्या रांगेत होते."

"चकती? मला परात वाटली," न्हावी म्हणाला.

डॉक्टरांच्या मते ती निळसर होती. त्यांच्या बायकोच्या मते चकत्या दोन होत्या. जमादार म्हणाला, "वहिनी, मी आरोपीकडे बघत होतो, मुद्देमालाकडे नाही." छातीठोक बोलला तो एकटा रखवालदार. "काळी. मधोमध काळी, कडेला काळी. लोखंड ते लोखंड."

"हे काल का नाही बोललात?"

"भिंग फोडायला निघालेला माणूस मी. माझी साक्ष कोण घेणार?"

बरोबर होतं. अख्ख्या गावाने बघितलं होतं आणि कुणीच काही पाहिलं नव्हतं. कालची भिंत परत दिसणार नव्हती. अडीच वाजले होते.

दुकानाच्या पायरीवर भिंगवाले काका उभे होते.

"पडदा झाला का?" त्यांनी विचारलं.

हा कुठला पडदा, तेही सांगायला हवं. गावाने जमून एखादी भिंत बघितली, की दुसऱ्या दिवशी त्या भिंतीवर दिसणार कोण? बघणारेच. ताणलेल्या माना, उघडी तोंडं, नाकात बोटं. ते बघणं म्हणजे असभ्यपणाचा कळस. म्हणून त्या भिंतीवर साधा, एकेरी कापडाचा पडदा लावायचा. त्याला बघ्यांचा पडदा म्हणत, आणि तो पुरवणं पडदेवालीचं काम.

"होईल हो, काका. एकेरी तर शिवायचाय."

"दुहेरी कर. आतून काळं अस्तर लाव."

"बघ्यांच्या पडद्याला अस्तर?" ती म्हणाली. "लग्न झालेली जोडपी अस्तर लावून घेतात, काका, आरपार काही दिसू नये म्हणून. उघड्या तोंडांना एकेरी पुरतं."

"सांगितलं तेवढं कर ना, पोरी." ते पायरी उतरले, पुन्हा वर चढले. "आणि चारच्या आत. आधी लाव, उशीर नको."

ते गेले. ज्यांच्या घरी आजवर एकही पडदा नव्हता, ते काका. तिने काळं कापड पसरलं, खडूने रेघ मारली, आणि तिथेच थांबली. काल सगळे भिंतीकडे बघत होते. मग दारापाशी उभे असलेले काका काय करत होते, हे कुणी बघितलं?

५

धाकटीला हाकलताना बघायला लोक साडेतीनलाच आले. पडदेवाली पडदा खांद्यावर टाकून स्टुलावर चढली.

"वहिनी, चारला दोन मिनिटं आहेत," जमादार खालून म्हणाला.

"कडी अडकलीय."

"लवकर कर!" काका दारातून म्हणाले. "ए, कुणीतरी हात द्या तिला!"

"नको, जमेल मला."

चार वाजले. पिवळा उजेड दरी ओलांडून आत शिरला, आणि पडदेवालीने पडदा हातातून सोडून दिला. तो धप्पकन खाली जमादाराच्या डोक्यावर पडला.

लोकांनी सभ्यपणे डोळ्यांवर हात घेतले आणि बोटं फाकवली. भिंतीवर डोक्यांच्या रांगा होत्या. माना ताणलेल्या, तोंडं उघडी. "हे पोट कुणाचं?" पडद्यातून डोकं काढत जमादार म्हणाला. पण तोवर सगळ्यांना भिंतीची कड दिसली होती.

तिथे, सगळ्यांच्या मागे, दारापाशी, एक सावली भिंतीकडे पाठ फिरवून, हात वर करून उभी होती. हातात एक गोल वस्तू. कड काळी, आणि मधोमध डोळे दिपवणारा पांढरा ठिपका. ठिपक्यात काहीतरी हलत होतं. रखवालदार जवळ गेला आणि किंचाळून मागे सरला.

ठिपक्यात एक बाई होती. बोटाएवढी. ती केस विंचरत होती, आणि डोकं खाली, पाय वर अशी होती.

पडदेवाली स्टुलावरच उभी होती. ती बाई कोण, हे तिलाही ठाऊक नव्हतं. पण बाकीचं तिने बोलून टाकलं, कारण थांबली असती तर पुन्हा गुंता झाला असता.

"ही भिंगाची सावली. नीट बघून घ्या. मधोमध अशी पांढरी की डोळ्यांत घुसते. मास्तरीणबाई, काल माझ्या बहिणीच्या हातातल्या चकतीने तुमचे डोळे दिपले होते?"

मास्तरीणबाईंनी चष्मा काढून पुसायला घेतला.

"एकाचेही दिपले नाहीत. दिपले असते तर तीन माणसांनी तीन रंग सांगितले नसते. तिच्या हातात लोखंड होतं. तवा होता. हे आपल्याला कळलं नाही, आपण बघेच. पण इथे एक माणूस आहे, ज्याने चाळीस वर्षं भिंगांच्या सावल्या बघितल्यात. काळी चकती बघून आपण 'भिंग' म्हणून ओरडलो. ते ओरडले नाहीत. ते काहीच बोलले नाहीत. काल आपण भिंतीकडे डोळे लावून बसलो होतो तेव्हा भिंग कुणाच्या हातात होतं, हे समोर आहे. भिंतीकडे पाठ करून उभं राहायला कोण धजेल? भिंतीवर चोर दिसणार नाही हे ज्याला आधीच ठाऊक होतं तो."

काका दाराच्या उंबऱ्यावर बसले. सदऱ्याच्या आतून त्यांनी मखमलीत गुंडाळलेलं भिंग काढलं आणि मांडीवर ठेवलं.

"माझी बायको आहे ती," ते म्हणाले.

"काकी?" जमादाराचं तोंड उघडं राहिलं. "अहो, त्यांना जाऊन बारा वर्षं झाली!"

"दगडात थर असतात रे. वर कालचा उजेड, खाली परवाचा. भिंग घासत गेलो, तसं खोलचं दिसायला लागलं. गेल्या महिन्यात ती दिसली. अंगणात बसायची ना, चार ते पाच. उलटी दिसते, पण मी मान वाकडी करून बघतो." त्यांनी मखमल सारखी केली. "मनोऱ्यावर नेऊन तुम्ही याच्यातून काय बघितलं असतं? शेजाऱ्याचे ओठ. म्हणून चोरीला गेलं म्हणालो. वाटलं, कुणी सापडणारच नाही. कालही राहवलं नाही. ती त्या तासातच असते, मग नसते."

"आणि माझी बहीण?"

काकांनी पहिल्यांदा धाकटीकडे बघितलं. "भिंतीवर ही आली तेव्हा एक शब्द बोलायचा होता. आत्ता बोलतो, मग बोलतो, असं करत राहिलो. मग तव्याचं विचारलं, आणि तोंडातून भलताच शब्द गेला."

६

स्वतःच्या हाताने केलेली वस्तू चोरणारा चोर ठरतो का, हे जमादाराला कळेना. त्याने भिंग आपल्या टोपीत ठेवलं, टोपी कुठे ठेवावी हे कळेना म्हणून हातातच धरली, आणि धाकटी सुटली असं जाहीर केलं. लोकांना एकदम कंठ फुटला. आम्हाला कालच शंका आली होती, असं निम्मे म्हणाले. मास्तरीणबाईंना चकती काळी होती हे आता स्वच्छ आठवत होतं.

धाकटी मागच्या खोलीत जाऊन आपलं गाठोडं घेऊन आली.

"दे इकडे, घरी जाऊ," ताई म्हणाली.

"मी खिंडीपलीकडे निघालेय."

"अगं वेडे, सुटलीस तू! ऐकलं नाहीस का?"

"ऐकलं. म्हणून तर निघाले. हाकलल्यावर गेले असते, तर ते काही माझं जाणं नव्हतं." तिने गाठोड्याची गाठ आवळली. "अकरा वर्षं या लोकांचे चष्मे मी पुसून दिलेत, ताई. ही असं करणार नाही, एवढं एकाला म्हणता आलं नाही. सगळे भिंतीकडे बघत बसले."

"मी धावले की नाही तुझ्यासाठी?"

"धावलीस. फार धावलीस." धाकटीने तिच्या गालावर हात ठेवला. "पण सकाळी तुलाही वेळ लागला. किती वाजले?"

"चार... चार वीस."

"बरं झालं. उजेड आहे अजून."

खिंडीकडे जायला मागची पायवाट जवळची. धाकटी त्या वाटेने गेली नाही. ती मोठ्या रस्त्याने, अगदी मधोमध, डोक्यावर गाठोडं घेऊन सावकाश चालत गेली. कड्याकडे तोंड असलेल्या प्रत्येक भिंतीसमोर ती क्षणभर थांबत होती. न्हाव्याच्या भिंतीसमोर, डॉक्टरांच्या, मास्तरीणबाईंच्या.

"वहिनी, ही सरळ का जात नाही?" टोपी पोटाशी धरून जमादाराने विचारलं.

दोन दिवसांत ही पहिलीच गोष्ट पडदेवालीला विचार न करता कळली. तिने चष्मा काढून पदर डोळ्यांना लावला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आठला दुकानासमोर रांग लागली होती. आजवर गावात कुणी रस्त्याकडच्या बाहेरच्या भिंतीला पडदा शिवून घेतला नव्हता. रस्त्यात लाज वाटण्यासारखं कुणी काही करत नसे. आज सगळ्यांना बाहेरचाच हवा होता. लांबलचक, दुहेरी, आणि चारच्या आत.

"माझा आधी घ्या," मास्तरीणबाई म्हणाल्या. "अस्तर कसलंही चालेल."

"चौकीला पण एक, वहिनी," रांगेच्या शेवटून जमादार म्हणाला.

पडदेवालीने मशीनची सुई काढली आणि पोलक्याच्या गळ्याला खोचली.

"मशीन बिघडलंय."

"मग आम्ही करायचं काय?"

"डोळे मिटून घ्या."

लोक एकमेकांकडे बघत राहिले. हे या गावात कधी कुणाला सुचलंच नव्हतं, आणि जमेल असंही वाटत नव्हतं.

पावणेचारला तिने स्टूल उचललं आणि रस्त्याच्या पलीकडे, आपल्याच दुकानाच्या भिंतीकडे तोंड करून मांडलं. काल धाकटी इथे थांबली होती की न थांबताच पुढे गेली होती, हे तिला काही केल्या आठवत नव्हतं. ती तेव्हा रडत होती.

चारचे ठोके पडले. तिने चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला.